मोबाईलमध्ये हजार फोटो असताना हाताने काढलेलं पोर्ट्रेट कशाला?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा, की वडिलांना यंदा पंच्याहत्तर पूर्ण होतायत, तुमच्या मनात त्यांचं ऑईल पेंटिंग करून गावच्या घरी ओटीवर लावायचं आहे, पण मुलगा म्हणतो की आजोबांचे ढिगाने फोटो आहेत, त्यातला एक एआयला दिला की दोन मिनिटात पेंटिंग तयार, कॅनव्हासवर प्रिंट मारायची, फ्रेम करायची, विषय संपला. मग हाताने काढलेल्या चित्रात असं काय उरलंय की लोक अजून त्याला पैसे मोजतात?

मी सावंतवाडी-कुडाळ पट्ट्यात बरीच वर्षं पोर्ट्रेटची कामं करतोय, पोटच त्याच्यावर आहे, त्यामुळे माझं उत्तर थोडं दुकानदाराचं वाटेल, ते तसंच धरून वाचा.

आधी तुमच्या मुलाची बाजू घेतो. नुसतं हुबेहूब हवं असेल तर पोर्ट्रेटच्या भानगडीत पडू नका, खरंच. चांगला फोटो, चांगला कागद, चांगली फ्रेम, कमी पैशात काम होतं. हुबेहूबपणात आम्ही कॅमेऱ्याशी हरलो त्याला आता पावणेदोनशेच्या वर वर्षं झाली. १८३९ साली पॅरिसमध्ये कॅमेऱ्याची पद्धत जाहीर झाली आणि पुढच्या काही वर्षांत मुंबईतही फोटो निघायला लागले. आता गंमत बघा. आपल्याकडे ज्यांना आपण पोर्ट्रेटचे बाप मानतो ते सगळे त्यानंतरचे. जे.जे. स्कूल ऑफ आर्ट निघालं १८५७ ला. राजा रविवर्मा जन्मला १८४८ ला, त्रिंदाद १८७० चे, धुरंधर १८६७ चे, आमच्या सावंतवाडीचे सावळाराम हळदणकर १८८२ चे. म्हणजे ह्या माणसांनी ब्रश हातात धरला तेव्हा फोटो स्टुडिओ आधीच दुकानं मांडून बसले होते आणि तरी ह्यांना कामं मिळत होती, राजेरजवाड्यांची, शेठ लोकांची, वकील-डॉक्टरांची. रविवर्मा तर स्वतः फोटो वापरायचा. तेव्हा आता एआय आलं आता संपलं ही ओरड मला नवीन वाटत नाही, फक्त मशीन बदललंय.

हळदणकरांचा विषय निघालाच आहे तर त्यांचं ते हातात दिवा धरलेल्या बाईचं चित्र तुम्ही कुठेतरी पाहिलेलं असणारच, कॅलेंडरवर नाहीतर कुणाच्या हॉलमध्ये. मूळ चित्र म्हैसूरच्या जगनमोहन पॅलेसमध्ये आहे. निम्म्या लोकांना ते रविवर्म्याचं वाटतं, आणि जवळजवळ सगळ्यांना ते ऑईल वाटतं. दोन्ही चूक. ते हळदणकरांचं आहे आणि वॉटरकलर आहे, १९४० च्या दशकातलं, आणि दिवा धरून उभी आहे ती त्यांची स्वतःची मुलगी गीता, पुढे कोल्हापूरच्या गीता उपळेकर. त्या २०१८ मध्ये वारल्या, शंभरी पार करून. आता दिव्याच्या ज्योतीसमोर धरलेली बोटं जी आतून लाल पेटल्यासारखी दिसतात ती बघा. तुम्ही आज फोनने असा फोटो काढा, एकतर ज्योत पांढरी फटक येईल नाहीतर चेहरा काळा होईल, आणि फोनने दोन्ही सांभाळलं तरी सगळं सारखंच उजळ येईल. हळदणकरांनी ठरवलं की बोटं किती पेटवायची आणि पदर किती विझवायचा. सगळी मेख त्या ठरवण्यात आहे, म्हणून हे एवढं लांबण लावलं.

आता मुद्द्याचं. माझ्याकडे लोक येतात ते चेहरा नाही म्हणून येत नाहीत. पूर्वी यायचे, एकच फोटो असायचा, तोसुद्धा लग्नातल्या ग्रुप फोटोत तिसऱ्या रांगेत, त्यावरून मोठं करून द्या म्हणायचे. आता उलटं झालंय. फोटो इतके आहेत की त्यातला कुठला म्हणजे आपला बाप हे घरात कुणालाच सांगता येत नाही. पोर्ट्रेट काढून घेणं म्हणजे घरातल्या सगळ्यांनी मिळून तो एक चेहरा पक्का करणं. हे काम फोन करत नाही कारण फोनला काही पक्कं करायची गरजच नाही, त्याच्याकडे जागा भरपूर आहे.

एक उदाहरण देतो. वडील वारलेले, चार भावंडं, तिघं मुंबईची, गणपतीला गावी आलेली तेव्हा माझ्याकडे आली. प्रत्येकाच्या फोनमध्ये वेगळे फोटो. मोठ्याला वडील कडक हवे होते, कारण त्याने तेच बघितलेले, त्याच्या लहानपणी वडील तापट. धाकटी म्हणाली छे, बाबा कधी आवाज चढवून बोललेले मला आठवतच नाहीत, तिला पडवीत बसून काजू सोलणारे, हसरे वडील हवे. मधल्या दोघांचं तिसरंच काहीतरी. माझ्यासमोर चांगली तासभर जुंपली, जुन्या जमिनीच्या गोष्टीसुद्धा निघाल्या, मी चहा सांगितला आणि गप्प बसलो. आई कोपऱ्यात बसलेली, इतका वेळ काही बोललीच नव्हती, ती एकदम म्हणाली, "त्यांका टोपी घाला. टोपयेशिवाय ते कधी भायर पडूक नाय." आणि कुणाच्याही फोनमध्ये टोपीतला एकही फोटो नव्हता! कारण फोटो सगळे घरातले, सणासुदीचे. शेवटी टोपी घातली, काळी, जराशी उजवीकडे कललेली, ती कशी कलायची ते आईने स्वतःच्या डोक्यावर हात ठेवून दाखवलं. हसू ठेवलं ते ओठात नाही, डोळ्याच्या खालच्या पापणीत ठेवलं, म्हणजे मोठ्यालाही चाललं आणि धाकटीलाही. असा चेहरा कुठल्याच फोटोत नव्हता पण चौघांनी मान्य केला. आता ओटीवर तोच आहे, नातवंडांसाठी आजोबा म्हणजे तो.

काढलेला चेहरा एकदा लोकांच्या डोक्यात बसला की तोच खरा होतो, हे मोठ्या माणसांच्या बाबतीतही झालेलं आहे. शिवाजी महाराजांचं म्हणून आपल्याकडे कितीतरी वर्षं भलतंच चित्र छापलं जायचं, ते होतं इब्राहिम खान नावाच्या माणसाचं, इतिहास संशोधक वा. सी. बेंद्रे यांनी १९३३ मध्ये अस्सल चित्र पुढे आणलं तेव्हा कुठे ते थांबलं. त्यामुळे चित्रकार निवडताना जरा बघून निवडा, हा आपला फुकटचा सल्ला.

आता फोन आणि डोळा यात फरक काय पडतो ते जरा आमच्या धंद्याच्या भाषेत सांगतो, कारण इथे लोक फार गोंधळतात. फोन आपण हातभर अंतरावर धरतो. इतक्या जवळून नाक मोठं येतं, कान मागे पळतात, कपाळ फुगतं. फोन महाग घेतला तरी हे होतं, कारण ती अंतराची करामत आहे, लेन्सचा दोष नाही. आपण घरच्या माणसाला बघतो ते पाच-सहा फुटांवरून, जेवताना, ओटीवर बोलताना. मी सिटिंगला, म्हणजे माणूस समोर बसवून चित्र काढताना सुद्धा तेवढ्याच अंतरावर बसतो. म्हणून पुष्कळदा फोटो काटेकोर असून लोक म्हणतात "हे बाबांसारखे वाटत नाहीत" आणि पेंटिंगमध्ये दहा गोष्टी इकडच्या तिकडे असून म्हणतात "हे बाबाच".

दुसरं, उजेड. पडवीत माणूस बसवला की कौलांच्या कडेवरून आभाळाचा गार निळसर उजेड कपाळावर येतो, आणि अंगण जांभ्या चिऱ्याचं असेल तर खालून तांबूस उजेड हनुवटीखाली आणि नाकपुडीच्या खालच्या बाजूला उसळतो. पावसाळ्यात समोर केळी, माड असतील तर तोच उजेड हिरवट होतो, गालाच्या सावलीच्या बाजूला चक्क हिरवा दिसतो, विश्वास नसेल तर श्रावणात कुणालातरी पडवीत बसवून डोळे किलकिले करून बघा. फोनचं ऑटो सेटिंग हे रंग चूक समजून पुसून टाकतं, कपाळ आणि गळा एकाच रंगाचे करून देतं. माझं उलट आहे, मला तोच हिरवा हवा असतो, कारण कोकणातला सावळा चेहरा त्या हिरव्या-तांबड्याच्या जोरावर उभा राहतो. सावळा रंग म्हणजे ट्यूबमधला ब्राऊन काढून फासला असं नसतं. यलो ऑकर म्हणजे मातकट पिवळा, बर्न्ट सिएना म्हणजे तांबूस तपकिरी, थोडा अल्ट्रामरीन म्हणजे गडद निळा, सावलीत किंचित हिरवा, आणि पांढरा शक्य तितका उशिरा आणि कमी. पांढरा आधी पडला की चेहरा पिठाचा होतो. आणि हो, "जरा उजळ करा ना" हे मला दर दुसरं घर सांगतं. मी करत नाही. ब्युटी फिल्टरवाला करून देईल, माझ्याकडे ते मिळणार नाही, आणि ह्यावरून गेलेली कामं गेली तर गेली.

डोळ्यांचं पण एक आहे. आपल्याकडे गणपतीच्या चित्रशाळेत डोळ्यांची आखणी शेवटी होते, मूर्तीत तेव्हा जीव आला असं धरतात, त्यामुळे पोर्ट्रेट बघायला आलेली मंडळी पण विचारतात की डोळे कधी उघडणार. पोर्ट्रेटमध्ये तसं नसतं. डोळे म्हणजे बुबुळ नाही, भुवईखालची खोबण, पापणीची जाडी, नाकाच्या मुळाशी पडलेली सावली, हे सगळं मी सुरुवातीलाच मोठ्या ब्रशने टाकतो, तेव्हा चेहऱ्याला डोळे असे नसतातच, नुसते दोन काळोखे खड्डे. आणि त्याच वेळी, लांबून, घरचं माणूस ओळखायला लागतं. त्या खड्ड्यांचा आकार बरोबर पडला तर पुढे दोन फटकाऱ्यांत डोळा होतो, आणि चुकला तर पापणीचा केस न केस काढला तरी माणूस परकाच राहतो. शेवटी राहतो तो फक्त चमकेचा ठिपका.

तोंडाचं मात्र कुणाचंच समाधान होत नाही, तक्रार आली की ती ओठांचीच असते. कारण ओठ एका जागी कधी नसतातच. सिटिंगला माणूस बसला की पहिली वीसेक मिनिटं तो फोटोचा चेहरा करून बसतो, ओठ आवळून, छाती पुढे काढून. मी त्या वेळात नुसती कान, टोपी, कॉलर, खुर्ची असली कामं करतो. मग एक ब्रेक, पाणी, पुन्हा बसवलं की मान उतरते, खांदा एका बाजूला पडतो, बोलायला लागतो, कोण कुठल्या बोटीवर होता, कुठल्या साली आंब्याला मोहर आला नाही. तेव्हा तोंडाला हात घालायचा. फोटो एका क्षणाचा असतो, पोर्ट्रेटमध्ये तीन-चार बैठकांतले तोंडाचे सगळे आकार एकमेकांवर बसतात, म्हणून चांगल्या पोर्ट्रेटकडे रोज बघितलं तरी ते थोडं वेगळं दिसतं.

एआयबद्दल मी तोंड वाकडं करणार नाही, मी पण कधी कधी जुना फोटो साफ करायला वापरतो. पण ते काय करतं ते समजून घ्या. फोटोत जे नीट दिसत नाही तिथे ते अंदाज मारतं, आणि तो अंदाज लाखो इतर चेहऱ्यांवरून येतो. त्यामुळे जे तुमच्या वडिलांचं एकट्याचं आहे तेच नेमकं गुळगुळीत होऊन जातं, खाली पडलेली एक पापणी, किंचित वाकडा दात, कपाळावरचा जुना वण. एकाने मला प्रिंट आणून दाखवलेली, आजीची नथ ओठाला जोडलेली होती आणि घरात महिनाभर कुणाच्या लक्षात आलं नव्हतं, म्हणजे बघा कुणी किती निरखून बघितलं असेल. आणि दुसरं म्हणजे त्या चित्राला जबाबदार कुणी नाही. माझ्याशी तुम्ही भांडू शकता, हा हात असा का, ते कसं दिसतंय, आणि मला उत्तर द्यावं लागतं नाहीतर बदलावं लागतं.

भांडण हा पोर्ट्रेटचा भागच आहे. २०२४ च्या मे महिन्यात इंग्लंडच्या राजा चार्ल्सचं जोनाथन यो या चित्रकाराने काढलेलं पोर्ट्रेट उघडं केलं, सगळं लालभडक, कपडे पार्श्वभूमी सगळं एकजीव, आणि जगभर लोक त्यावर तुटून पडले, कुणाला रक्त दिसलं कुणाला आग. त्याच राजाचे रोज कितीतरी फोटो छापून येतात, त्यावर कोण एवढं भांडतं? २०१८ मध्ये ओबामा नवरा-बायकोची पोर्ट्रेट वॉशिंग्टनच्या गॅलरीत लागली तेव्हा लोक रांगा लावून बघायला गेले, आणि हे दोघं म्हणजे जगात सगळ्यात जास्त फोटो निघालेल्या माणसांपैकी. आणि चर्चिलचा किस्सा तर तुमच्या कामाचा आहे, कारण ते पण वाढदिवसाचंच. १९५४ मध्ये त्याच्या ऐंशीव्या वाढदिवसाला पार्लमेंटने ग्रॅहम सदरलँडकडून पोर्ट्रेट करून भेट दिलं. चर्चिलला ते अजिबात आवडलं नाही, म्हातारा, थकलेला दिसतो म्हणून, आणि पुढे घरच्यांनी ते गुपचूप नष्ट करून टाकलं. तेव्हा वाढदिवसाचं सरप्राईज वगैरे करू नका. ज्याचं चित्र त्याला आधी विचारा.

आणि हे विचारणं आपल्याकडे जास्त गरजेचं आहे. जुन्या माणसांच्या डोक्यात भिंतीवरचा मोठा फोटो म्हणजे गेलेल्या माणसाचा, हार घातलेला. एका आजोबांनी मला तोंडावर विचारलं होतं, "माका आत्ताच भितीर टांगतास काय?" त्यांचं चित्र मग आम्ही ओटीवर न लावता माजघरात, त्यांच्या खुर्चीच्या बाजूच्या भिंतीवर लावलं, आणि त्यात त्यांच्या हातात अडकित्ता ठेवला, मांडीवर पानाचा डबा. कामात असलेला माणूस म्हटल्यावर त्यांची भीती गेली. हात नेहमी घ्याच चित्रात. कोकणात माणूस हातावरून ओळखू येतो, माड चढणाऱ्याचे हात वेगळे, जाळं विणणाऱ्याचे वेगळे, मास्तरांचे वेगळे. फक्त हात आले की कामाचे दिवस आणि पैसे दोन्ही वाढतात, हे आधीच बोलून घ्या.

राहता राहिलं व्यवहाराचं. आकार फार मोठा घेऊ नका, चेहरा खऱ्या चेहऱ्यापेक्षा किंचित लहान असला की बरा वाटतो, मोठा झाला की अंगावर येतो, पुढाऱ्याच्या बॅनरसारखा. कमरेपर्यंत हवं असेल तर २४ बाय ३० इंच पुरतं. ऑईल हवेतला ऑक्सिजन घेऊन सुकतं, पाण्यासारखं उडून जात नाही, आणि आपल्या पावसात ते अजून रेंगाळतं, त्यामुळे गणपतीला लावायचं असेल तर शिमग्यालाच काम सुरू करा. व्हार्निश त्यानंतर सहाएक महिन्यांनी तरी, कुणी हातोहात व्हार्निश मारून देत असेल तर नको म्हणा. सिटिंग शक्य असेल तर सिटिंगच. नसेल तर फोटो खिडकीच्या उजेडातला, फ्लॅश बंद, सहा फुटांवरून झूम करून काढलेला, आणि सोबत चालताबोलताचा एखादा व्हिडिओ, तो मला दहा फोटोंपेक्षा जास्त उपयोगी पडतो.

गावचं घर वर्षातले दहा महिने बंद असतं ना? मग हे नीट ऐका. ऑईलवर काच नको, आत दमट हवा कोंडून बुरशी धरते. प्लास्टिकात गुंडाळून तर मुळीच ठेवू नका. फ्रेमच्या मागे खालच्या दोन कोपऱ्यांना बुचाचे तुकडे चिकटवा म्हणजे भिंत आणि चित्र यात बोटभर हवा खेळेल. कॅनव्हास खिळ्यांऐवजी स्टेनलेस पिनांनी मारून मागा, खाऱ्या वाऱ्यात साधे खिळे गंजतात आणि कडेने कापड खातात. पावसात कॅनव्हास ढिला पडला तर मागच्या कोपऱ्यांतल्या लाकडी पाचरी हलक्या हाताने ठोकायच्या, पाणी मारून ताणायचा नाही. बंद काळोख्या खोलीत जवसाच्या तेलाचा रंग पिवळा पडतो, घाबरू नका, थेट ऊन न देता उजेडाच्या खोलीत काही दिवस ठेवलं की बराचसा परत येतो. देवघराच्या समोर लावू नका, समईची काजळी बसते. आणि ओल्या फडक्याने पुसायची ज्या वहिनींना सवय असेल त्यांना आधीच हात जोडून सांगा.

वडील हो म्हणाले तर त्यांना सकाळचं घेऊन या, चहा-नाश्ता झाल्यावर, त्यांच्या रोजच्या शर्टात. वाढदिवसाला घेतलेला नवा शर्ट नको, कॉलर अंगावर बसायला चार धुण्या लागतात.